थंड पाण्यातील लाटारोहण : सांताक्रूझच्या सागरी संस्कृतीची घडण

१

पॅसिफिक महासागराच्या अमेरिकन किनाऱ्यावर, सॅन फ्रान्सिस्कोपासून दक्षिणेस शंभराहून थोड्या अधिक किलोमीटरांवर, माँटेरे उपसागराच्या उत्तर टोकाशी सांताक्रूझ हे नगर वसले आहे. मुंबईच्या वाचकास परिचित असलेल्या उपनगराशी त्याचा संबंध केवळ नावापुरता. एकाचे नाव स्पॅनिश, दुसऱ्याचे पोर्तुगीज, आणि दोहोंचा अर्थ ‘पवित्र क्रूस’ असाच होतो. या नगराची आजची ख्याती लाटारोहणाशी, म्हणजे ज्यास सर्वत्र सर्फिंग म्हणतात त्या विद्येशी, निगडित आहे. लाटारोहण म्हटले की उष्ण कटिबंधातील निळे पाणी, माडांची रांग आणि उघड्या अंगाने लाटेवर उभा राहिलेला तरुण असे चित्र डोळ्यांपुढे येते. सांताक्रूझचे पाणी या चित्रात बसत नाही. उत्तरेकडून वाहत येणारा कॅलिफोर्निया प्रवाह मुळातच थंड. शिवाय वसंत ऋतूत वायव्येकडील वारे किनाऱ्यालगतचे वरचे पाणी समुद्रात लोटतात व त्याच्या जागी तळचे अधिक थंड पाणी वर येते. त्यामुळे वर्षभर पाण्याचे तपमान साधारणतः ११ ते १६ अंश सेल्सियस यांच्या दरम्यान राहते. हवेच्या मानाने पाणी शरीरातील उष्णता सुमारे पंचवीसपट वेगाने ओढून घेते, ही गोष्ट लक्षात घेतल्यास या आकड्यांचा खरा अर्थ कळून येतो. अशा पाण्यात काही वेळाने बोटे बधिर होतात आणि हातापायांवरचा ताबा सुटू लागतो.

अशा ठिकाणी लाटारोहणाची संस्कृती का उभी राहिली, या प्रश्नास एक तयार उत्तर नेहमी दिले जाते. ते असे की, १९५० नंतर निओप्रीन नावाच्या कृत्रिम रबराचा अंगरखा, म्हणजेच वेटसूट, निर्माण झाला आणि त्याने थंड समुद्र माणसास खुला केला. या उत्तरात तथ्यांश आहे. तथापि त्यात उत्पत्ती आणि प्रसार या दोन भिन्न गोष्टींची गल्लत झालेली आहे. रबराने लाटारोहण जन्मास घातले नाही; जे आधीपासून होते त्याची संख्या, ऋतू आणि सामाजिक रूप त्याने पालटले. हा भेद नीट केला नाही तर एका वस्तूच्या इतिहासाखाली माणसांचा इतिहास झाकला जातो, आणि तो कोणाचा हेही विसरले जाते.

२

अमेरिकेच्या मुख्य भूमीवर लाटारोहण झाल्याची सर्वांत जुनी ज्ञात नोंद सांताक्रूझची आहे. १८८५ च्या जुलै महिन्यात डेव्हिड कवानानाकोआ, एडवर्ड केलिइआहोनुई आणि जोना कुहिओ कलानिआनाओले हे हवाईच्या राजघराण्यातील तिघे बंधू सॅन लोरेन्झो नदीच्या मुखाशी लाटांवर स्वार झाले आणि स्थानिक वृत्तपत्राने त्याची दखल घेतली. थोरला १७ वर्षांचा, तर धाकटा अवघा १४ वर्षांचा होता. हे तिघे सॅन मॅटिओ येथील सैनिकी शाळेत शिकत होते आणि सुटीत सांताक्रूझला अँटोनेट स्वान यांच्याकडे उतरत. स्वानबाई मूळच्या हवाई बेटांतील. तेथील राजदरबाराशी त्यांचा संबंध होता. परक्या भूमीवर राजपुत्रांना आपलेपणा देणारे हे घर त्या गावी नसते, तर ते त्या किनाऱ्यावर आलेच असते असे म्हणता येत नाही.

या घटनेचे दुसरे अंग लाकडाचे आहे. राजपुत्रांच्या फळ्या हवाईहून आलेल्या नव्हत्या. सांताक्रूझमागील डोंगरांत रेडवूड वृक्षांची दाट अरण्ये होती व त्या लाकडाची कापणी हा गावाचा प्रमुख धंदा होता. त्याच लाकडाच्या फळ्या स्थानिक गिरणीत कापून घेण्यात आल्या. तेव्हा घाट हवाईचा व लाकूड कॅलिफोर्नियाचे, असा हा संयोग होता. १८८० मध्ये डोंगर ओलांडून येणारा लोहमार्ग पुरा झाल्यामुळे सांताक्रूझ हे उन्हाळी स्नानाचे गावही बनले होते, आणि नदीमुखाशी कौतुकाने पाहणारा प्रेक्षक आयताच उभा होता.

प्रेक्षक अनुकरण करतो. १८९६ च्या उन्हाळ्यात याच गावच्या वृत्तपत्रात अशी नोंद आढळते की, सीब्राइट किनाऱ्यावर पोहणारी मुले हवाईच्या लोकांप्रमाणे फळ्यांवरून लाटा घेतात. या एका नोंदीवरून अखंड परंपरा सिद्ध होत नाही. परंतु ११ वर्षांनंतरही ती कल्पना गावच्या मुलांमध्ये जिवंत होती आणि ती कोठून आली याची जाणीवही होती, एवढे निश्चित होते.

याच्याशेजारी दुसरी एक घटना ठेवून पाहणे उद्बोधक ठरेल. शिक्षणासाठी इंग्लंडला गेलेले डेव्हिड व कुहिओ १८९० च्या सप्टेंबरात यॉर्कशायरमधील ब्रिडलिंग्टन येथे आपल्या शिक्षकासह उत्तर समुद्राच्या लाटांवर स्वार झाले. कुहिओंच्या पत्रातून हे समजते. माणसे तीच, विद्या तीच, आणि पाणीही थंडच. परंतु त्या प्रसंगातून तेथे स्थानिक परंपरा उभी राहिली नाही. यावरून दोन गोष्टी निष्पन्न होतात. पहिली ही की, ज्यांना ही विद्या लहानपणापासून अवगत होती त्यांना थंडी हा अनुल्लंघ्य अडथळा वाटला नाही. दुसरी ही की, एखाद्या कुशल पाहुण्याच्या येण्याने संस्कृती रुजत नाही. तिला अनुकूल किनारा, हाताशी साधने, आणि पाहून शिकणारी तरुण पिढी लागते. सांताक्रूझला या तिन्ही गोष्टी लाभल्या होत्या.

३

किनाऱ्याची अनुकूलता हा मुद्दा थोडा स्पष्ट करावयास हवा. कॅलिफोर्नियाचा बहुतेक किनारा पश्चिमाभिमुख असून वायव्येकडील वाऱ्याचा मारा थेट झेलतो. सांताक्रूझचा किनारा मात्र दक्षिणेकडे तोंड करून आहे. हिवाळ्यात उत्तर पॅसिफिकमधील वादळांनी उठविलेल्या लाटा येथील भूशिराला वळसा घालून आत येतात. त्या वळणात त्यांचे विस्कळीत बळ एका रांगेत येते आणि दीपगृहाच्या कड्याखालून त्या लांबवर, क्रमाक्रमाने फुटत जातात. या जागेस स्टीमर लेन म्हणतात. आगबोटींच्या मार्गाइतक्या दूरवर लाटा फुटतात म्हणून हे नाव पडले, असे सांगतात. येथे विरोधाभास असा की, उत्तम लाटांचा ऋतू हा हिवाळा, म्हणजे अंगावर काटा आणणाऱ्या हवेचा ऋतू होय. समुद्र जे देतो ते थंडीच्या मोलानेच देतो.

गावाने या थंडीवर स्वतःचे एक उत्तर काढले होते. १९०७ मध्ये किनाऱ्यावरील करमणूककेंद्रात समुद्राचे पाणी तापवून भरलेला मोठा बंदिस्त तलाव सुरू झाला. बाहेर अथांग समुद्र असता आत ऊन पाण्यात पोहण्याची ही सोय प्रवाशांच्या सुखासाठी होती. लाट मात्र तलावात आणता येत नाही. ज्यांना लाट हवी होती त्यांना बाहेरच जावे लागले.

असे तरुण १९३६ मध्ये एकत्र आले व त्यांनी सांताक्रूझ सर्फिंग क्लब स्थापन केला. काउएल किनाऱ्याजवळ त्यांच्या फळ्या ठेवण्याची व बसण्याउठण्याची जागा होती. अखंड लाकडाच्या जड फळ्यांबरोबर टॉम ब्लेक यांनी रूढ केलेल्या पोकळ फळ्याही त्या काळी वापरात आल्या होत्या. थंडीपासून संरक्षण म्हणून कोणी लोकरीचा सदरा घाली, कोणी काहीच घालीत नसे. पाण्याबाहेर आल्यावर वाळूत पेटविलेल्या शेकोटीभोवती सर्वजण ऊब घेत. या शेकोटीचे महत्त्व केवळ उबेपुरते नव्हते. लाट कशी निवडावी, खडकांपासून फळी कशी राखावी, कोणी कोणास वाट द्यावी, हे सारे व्यवहारज्ञान तेथील बोलण्यातून पुढे जाई. थंडीमुळे पाण्यातील वेळ तोकडा आणि काठावरचा वेळ लांब असे. सहवास घडला तो या काठावरच्या वेळात.

तात्पर्य, वेटसूट अस्तित्वात येण्यापूर्वी येथे लाटारोहण होते, त्याची संघटना होती आणि संकेतही होते. दुसऱ्या महायुद्धात सभासद सैन्यात व आरमारात दाखल झाले आणि क्लबाचे कार्य खंडित झाले. परंतु युद्धानंतर जे आले त्यांना ओसाड किनारा लाभला नाही. घासून तयार झालेली वाट लाभली.

४

आता वेटसूटकडे वळणे सयुक्तिक होईल. निओप्रीन या कृत्रिम रबराचा शोध १९३० मध्ये अमेरिकेतील ड्यू पाँ कंपनीच्या प्रयोगशाळेत लागला. त्याचा अंगरखा करावा ही कल्पना लाटारोहकांची नव्हे. बर्कली येथील भौतिकशास्त्रज्ञ ह्यू ब्रॅडनर हे १९५१-५२ च्या सुमारास आरमारी पाणबुड्यांना थंडीपासून कसे वाचवावे याचा विचार करीत होते. तोवरचा प्रयत्न अंग कोरडे ठेवण्याचा होता. ब्रॅडनर यांच्या ध्यानात असे आले की, अंग कोरडे राहण्याची आवश्यकताच नाही; फेसाळ रबरातील असंख्य बंद बुडबुड्यांमध्ये कोंडलेला वायू उष्णतेला अडवितो, मग आत थोडे पाणी शिरले तरी बिघडत नाही. आत शिरलेले पाणी तापून ऊब देते ही लोकप्रिय समजूत यावरून अपुरी ठरते. संरक्षण पाणी देत नाही, वायू देतो. ब्रॅडनर यांना या शोधातून संपत्ती मिळवावयाची नव्हती, आणि त्यावर एकस्व हक्कही मिळाला नाही. कॅरोलिन रेनी यांनी १९९८ मध्ये कागदपत्रांच्या आधारे हा वृत्तान्त मांडला, तेव्हा शोधाचे श्रेय कोणास, या वादाला निश्चित दिशा मिळाली.

वाद उत्पन्न होण्याचे कारण असे की, त्याच सुमारास दोन ठिकाणी या वस्तूचा व्यापार सुरू झाला. दक्षिण कॅलिफोर्नियात रेडोन्डो बीच येथे बेव्ह मॉर्गन व मीस्ट्रेल बंधू पाणबुड्यांसाठी असे अंगरखे बनवीत होते. उत्तरेस जॅक ओनील यांनी १९५२ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या ओशन बीचजवळ एका गॅरेजात आपले दुकान उघडले. थंड लाटांमध्ये अधिक वेळ राहता यावे म्हणून त्यांनी आरंभी फेसाळ प्लास्टिकचे तुकडे अंगाशी बांधून पाहिले आणि पुढे निओप्रीनचे बंडीवजा अंगरखे विकावयास घेतले. १९५९ मध्ये त्यांनी आपला व्यवसाय सांताक्रूझला हलविला. प्रदर्शनांमध्ये बर्फाच्या पाण्यात आपल्या लहान मुलांना वेटसूट घालून सोडण्याची त्यांची युक्ती बरीच गाजली.

ओनील यांचे कर्तृत्व कमी लेखण्याचे कारण नाही. शास्त्रज्ञाची कल्पना आणि लाटारोहकाची गरज यांमधील अंतर त्यांनी भरून काढले. पाणबुड्यास दंड सतत फिरवावे लागत नाहीत. लाटारोहकास फळी वल्हवीत न्यावी लागते, तेव्हा खांदे मोकळे हवेत. आरंभीचे रबर सहज फाटे आणि अंगात चढविताना शंखजिऱ्याची भुकटी लावावी लागे; पुढे त्यास नायलॉनचे अस्तर आले. या एकेका सुधारणेमागे रोज पाण्यात उतरणाऱ्या माणसांचा अनुभव होता. म्हणजे येथेही वस्तूने समाज घडविला असे एकेरी विधान अपुरे पडते. आधीच असलेल्या समाजाने ती वस्तू आपल्या अंगाबेताची करून घेतली. अंगरख्याला गिऱ्हाईक होते, कारण अंगरख्याशिवायही पाण्यात जाणारे लोक होते.

५

मग वेटसूटने नेमके काय बदलले? पहिला बदल काळाचा. घटकाभराची डुबकी दोनतीन तासांची बैठक झाली, आणि उन्हाळी छंद बारमाही झाला. त्यामुळे कौशल्याची वाढ झपाट्याने झाली, कारण अधिक वेळ म्हणजे अधिक लाटा. दुसरा बदल संख्येचा. १९५० नंतरच्या दशकाच्या अखेरीस हलक्या पॉलियुरेथेन फेसाच्या फळ्या बाजारात आल्या. १९५९ च्या ‘गिजेट’ या चित्रपटाने लाटारोहणाचे वेड देशभर पोचविले. १९६५ मध्ये सांताक्रूझला विद्यापीठाची शाखा उघडली. १९६० मध्ये २५ हजारांहून थोडी अधिक असलेली वस्ती १९७० मध्ये ३२ हजारांवर गेली. डोंगरापलीकडील सॅन होजे परिसर उद्योगांनी गजबजू लागला आणि सुटीच्या दिवशी तेथून मोटारींच्या रांगा किनाऱ्याकडे लागल्या.

तिसऱ्या बदलाकडे फारसे लक्ष दिले जात नाही. थंडी ही येथे केवळ अडचण नव्हती, एक प्रकारचे द्वार होते. ते उघडण्यास सहनशीलता लागे आणि म्हणूनच आत आलेले थोडे लोक एकमेकांस ओळखीत. दुसरे द्वार कड्याखालील खडकांचे. पडलेल्याची फळी लाटेबरोबर खडकांवर जाऊन आपटे, आणि तिच्यामागे थंड पाण्यात पोहत जाणे भाग पडे. १९७१ मध्ये ओनील यांचे पुत्र पॅट यांनी शस्त्रक्रियेत वापरतात तशा रबरी नळीने फळी अंगाशी बांधण्याची युक्ती पुढे आणली. या चाचण्यांच्या काळात उलटून आलेल्या फळीमुळे जॅक ओनील यांचा डावा डोळा गेला. तरीही ही दोरी काही वर्षांत सर्वमान्य झाली. रबराच्या अंगरख्याने पहिले द्वार उघडले, रबराच्या दोरीने दुसरे.

द्वारे उघडताच गर्दी झाली आणि गर्दीबरोबर कलह आला. शेकोटीभोवती तोंडी शिकविले जाणारे संकेत अनोळखी माणसांत आपोआप चालत नाहीत. अशा वेळी ‘आम्ही येथले, तुम्ही बाहेरचे’ ही भाषा पुढे आली. धमक्या, प्रसंगी मारामारी, असे प्रकार घडू लागले. या वृत्तीस केवळ उद्दामपणा म्हणून सोडून देणे इतिहासदृष्ट्या पुरेसे नाही. पूर्वी निसर्ग जी निवड करीत असे, ती आता माणसे करू लागली होती. मात्र तिचा नैतिक पाया दुबळा होता. १७९१ मध्ये स्पॅनिश मिशन स्थापन होण्यापूर्वी ज्यांचा हा किनारा होता ते उयपी लोक या वादात कोठेच नव्हते, आणि ज्यांची ही विद्या त्या हवाईच्या लोकांची आठवणही कोणास नव्हती. अशा स्थितीत ‘येथले’ या शब्दाचा अर्थ काही वर्षे आधी आलेले, एवढाच उरतो.

त्याच काळात या समाजाची दुसरी बाजूही दिसून आली. स्टीमर लेनच्या वरील मोकळ्या मैदानावर मोठे संमेलनगृह व हॉटेल बांधण्याचा घाट घातला गेला, तेव्हा नागरिकांनी त्यास निकराचा विरोध केला. योजना बारगळली आणि ती जागा राज्याने सार्वजनिक उद्यान म्हणून राखली. कॅलिफोर्नियाच्या मतदारांनी १९७२ मध्ये किनारासंरक्षणाचा ठराव संमत केला होता. १९७६ च्या कायद्याने किनाऱ्यावर जाण्याच्या लोकांच्या हक्कास बळकटी आली. पाण्यात इतरांस मज्जाव करणारा आणि जमिनीवर सर्वांसाठी वाट मोकळी ठेवणारा, असे एकाच किनाऱ्याचे दोन आवाज या दशकात एकदम ऐकू येतात.

६

१९८० नंतर या संस्कृतीने स्वतःच्या स्मृतीची व्यवस्था लावावयास घेतली. १९६५ मध्ये मार्क अ‍ॅबट हा १८ वर्षांचा तरुण समुद्रात बुडाला; त्याच्या आईवडिलांनी त्याच्या स्मरणार्थ बांधलेले दीपगृह १९६७ मध्ये उभे राहिले, आणि १९८६ मध्ये त्यातच लाटारोहणाचे संग्रहालय सुरू झाले. १९९२ मध्ये जवळच्या कड्यावर लाटारोहकाचा पुतळा बसला. २०१२ मध्ये येथील सुमारे ११ किलोमीटरांचा किनारा जागतिक लाटारोहण राखीव क्षेत्र म्हणून अर्पण करण्यात आला. ‘सर्फ सिटी’ हे बिरुद कोणाचे, यावरून दक्षिणेतील हंटिंग्टन बीच या नगराशी सुरू झालेला वाद न्यायालयापर्यंत गेला आणि २००८ मध्ये तडजोडीने मिटला. विद्येचे नाव मालमत्ता होऊ शकते, याची ही साक्ष.

राजपुत्रांचे पुढे काय झाले हे येथे सांगितले पाहिजे. एडवर्ड १८८७ मध्ये वारले. १८९३ मध्ये हवाईची राणी पदच्युत झाली. १८९५ मध्ये राज्य परत मिळविण्याच्या अयशस्वी उठावात भाग घेतल्याबद्दल कुहिओंना तुरुंगवास घडला. १८९८ मध्ये अमेरिकेने ती बेटे आपल्या राज्यास जोडून घेतली. डेव्हिड १९०८ मध्ये निवर्तले. कुहिओंनी १९०३ पासून १९२२ मधील मृत्यूपर्यंत त्याच अमेरिकेच्या विधिमंडळात हवाईचे प्रतिनिधित्व केले. सांताक्रूझच्या नदीमुखाशी विद्या देणाऱ्यांचे राज्य एका तपाच्या आत गेले, आणि विद्या मात्र घेणाऱ्यांच्या घरी वाढली. १८८५ ची वृत्तपत्रीय नोंद संशोधकांनी उजेडात आणली. होनोलुलूच्या बिशप संग्रहालयात जतन झालेल्या राजपुत्रांच्या रेडवूडच्या दोन फळ्या २०१५ मध्ये सांताक्रूझच्या संग्रहालयात प्रदर्शनासाठी आल्या. ज्या लाकडाने हा किनारा सोडला होता ते १३० वर्षांनी परत येऊन लोकांपुढे उभे राहिले.

जॅक ओनील २०१७ मध्ये ९४ व्या वर्षी निधन पावले. त्यांना निरोप देण्यासाठी लोक वेटसूट घालून समुद्रात उतरले, हे यथोचितच होते. तथापि इतिहासाने त्या अंगरख्याला त्याच्या मापाचे स्थान द्यावे, अधिक देऊ नये. त्याने थंड पाण्यात माणसांची संख्या वाढविली, ऋतूंचे बंधन सैल केले आणि एका लहान बिरादरीचे मोठ्या गर्दीत रूपांतर केले. परंतु थंड पाण्यात उतरण्याची इच्छा त्याने दिली नाही. ती सैनिकी शाळेत सुटीची वाट पाहणाऱ्या तीन मुलांच्या अंगी होती, सीब्राइटच्या पोरांच्या अंगी होती, आणि १९३६ मध्ये वाळूत शेकोटी पेटविणाऱ्यांच्या अंगीही होती. साधनाचा इतिहास साधनापासून सुरू करता येतो. संस्कृतीचा इतिहास मात्र ते साधन हाती येण्यापूर्वी ज्यांनी थंडी सोसली, त्यांच्यापासूनच सुरू करावा लागतो.